तिसरं ताट, ऐंशी ग्रॅम

रविवार, ४ ऑक्टोबर

भिंगरी,

'प्रिय' लिहावं की नाही यावर दहा मिनिटं अडले, म्हणून नुसतंच लिहिलं. चार वर्षांतलं हे माझं पहिलं पत्र, आणि ते ख्यालीखुशाली विचारायला लिहिलेलं नाही. एकच विचारायचं आहे. बाबांच्या डोक्यात तू काय भरवलं आहेस?

साळसूद चेहरा करू नकोस, मला तो इथून दिसतो. गेले तीन रविवार बाबा स्वयंपाक करतायत. ज्या माणसाने चाळीस वर्षं घड्याळं दुरुस्त केली आणि चहा कधी स्वतः गाळला नाही, तो माणूस. आई गेल्यावर स्वयंपाकघर माझ्या गळ्यात पडलं तेव्हा मी सतरा वर्षांची होते. तेव्हा यांना कांदा कुठे ठेवतात हेही माहीत नव्हतं. आता मला म्हणतात, "तू बाहेर बस. मध्ये बोलू नकोस, वेळ चुकते."

आणि करतात काय? पॅड थाई. तांदळाच्या चपट्या नूडल्स साध्या पाण्यात पाऊण तास भिजवतात, उकळत नाहीत. मध्येच कुणी 'उकळून घ्या' म्हटलं तर रागावतात. चिंचेचा कोळ, ताडाचा गूळ आणि फिश सॉस मंद आचेवर आटवून बाटलीत भरतात. टोफूचे काड्यांएवढे तुकडे, खारवलेला मुळा, सोडे, अंडं. मुगाच्या लांब मोडांच्या शेपट्या ते घड्याळाच्या चिमट्याने खुडतात, डोळ्याला भिंग लावून. पाव किलो मोड निवडायला सव्वा तास. मी घड्याळ लावून पाहिलं.

आता सांग, थाई पदार्थ करणारा आपल्या ओळखीचा एकच माणूस कोण? तुझा तो आचारी. म्हणजे पाणी कुठे मुरतंय ते कळायला मला वजनमाप खात्यात वीस वर्षं नोकरी करायची गरज नव्हती.

तू म्हणशील, ताईचा स्वभावच संशयी. असेल. लोकांचे काटे तपासणं हाच माझा पोटापाण्याचा धंदा आहे. त्याच्या हॉटेलातला काटा कमी भरला म्हणून मी तो जप्त केला आणि मालकाने तुझ्या माणसाला काढलं, यात माझा दोष काय? काटा कमी होता. मी माझं काम केलं.

मला काय वाटतं ते स्पष्टच लिहिते. बाबांना तू तुझ्याकडे न्यायचं ठरवलं आहेस, आणि ते तिकडच्या जेवणाची सवय करून घेतायत. ते गेले तर या घरात मी आणि भिंतीवरची सहा घड्याळं उरू. हे मला सहन होणार नाही. म्हणून विचारते. उत्तर दे.

ताई


सोमवार, १९ ऑक्टोबर

भिंगरी,

उत्तर आलं नाही. न आलेलं उत्तरही मी वाचू शकते, हे विसरू नकोस.

मी पुरावे जमा करते आहे. बाबांनी नवी लोखंडी कढई आणली. नवा झारा, नवी सुरी, नवी फळी. घरात सगळं असताना. काम झालं की हे सामान धुऊन, पुसून, कापडात गुंडाळून त्यांच्या अवजारांच्या कपाटात जातं आणि कपाटाला कुलूप लागतं. मी कढईला नुसता हात लावला तर म्हणाले, "हात धुतलेस का?" मला. ज्या बाईने त्यांना तेवीस वर्षं गिळायला घातलं, तिला.

माझा शेंगदाण्यांचा डबा त्यांनी गॅलरीत नेऊन ठेवला. संध्याकाळी ऑफिसातून आल्यावर मूठभर शेंगदाणे खायचे एवढंच माझं व्यसन आहे, तुला माहीत आहे. कारण विचारलं तर म्हणे मुंग्या लागतात. त्या डब्याचं झाकण मला दोन हातांनी उघडतं. मुंगी ते कसं उघडणार?

आता मुख्य मुद्दा. हा पदार्थ एका वेळी एकाच माणसाचा करायचा असतो म्हणे. कढईत गर्दी झाली की नूडल्स परतल्या जात नाहीत, वाफेने शिजतात आणि त्यांचा गोळा होतो. म्हणून एक ताट झालं की ते वाढायचं, कढई पुसायची, पुन्हा तापवायची आणि दुसरं ताट. करणारा शेवटी जेवतो. इथवर ठीक. पण आपण घरात माणसं किती? दोन. बाबा ताटं किती करतात? तीन.

पहिलं मला, दुसरं त्यांना. आणि तिसरं इतकंसं. काल ते अंघोळीला गेल्यावर मी ऑफिसचा छोटा काटा काढून त्याचं वजन केलं. ऐंशी ग्रॅम. त्यात तिखट नाही. नूडल्स कात्रीने बोटाच्या पेराएवढ्या कापलेल्या. बाबा त्या ताटासमोर बसतात, चमच्याने एकेक घास उचलून पाहतात, चावून पाहतात, वहीत काहीतरी लिहितात. मी विचारलं, "हे कुणासाठी?"

"असंच. हात बसावा म्हणून."

ताकास तूर लागू देत नाहीत. मला वाटलं, खालच्या मजल्यावरच्या गाण्याच्या बाई. त्या चिमणीएवढं खातात आणि आवाजासाठी तिखट टाळतात. मी त्यांच्याकडे जाऊन आडून आडून चौकशी केली. त्या म्हणाल्या, "तुमचे बाबा? मागच्या वर्षी जिन्यात भेटले तेव्हा माझं घड्याळ दोन मिनिटं मागे आहे म्हणाले. तेवढंच आमचं बोलणं." खरं बोलत असाव्यात. घड्याळ अजून मागेच होतं.

तर मग तिसरं ताट कुणाचं? तुझं? तू तर लहानपणापासून पातेल्यातून ओरपणारी. ऐंशी ग्रॅममध्ये तुझं काय होणार?

ताई


बुधवार, ४ नोव्हेंबर

भिंगरी,

आज भांडायला लिहीत नाही. आज मला भीती वाटते आहे, आणि सांगायला दुसरं कुणी नाही.

मला वाटतं बाबांना विसर पडायला लागला आहे.

वाचनालयातून मी थाई पाककृतींचं पुस्तक आणलं आणि बाबांचा एकेक जिन्नस पडताळला. सगळं बरोबर आहे, फक्त एक नाही. अस्सल पॅड थाईवर भाजलेल्या शेंगदाण्यांचा भरडा घालतात. तो नसेल तर त्या पदार्थाला अर्थ नाही, असं पुस्तकात चक्क लिहिलं आहे. बाबा तो घालत नाहीत. पहिल्यांदा मी विचारलं तेव्हा म्हणाले, "अरे हो, राहिलेच." दुसऱ्यांदा विचारलं, "राहिलेच." तिसऱ्यांदा मी वाटीत भरडा काढून समोर ठेवला, तर वाटी बघून असे दचकले की जणू मी विंचू आणून ठेवला. वाटी स्वतः गॅलरीत नेली आणि त्यानंतर तीनदा हात धुतले. तीनदा, भिंगरी. मोजले मी.

शेजारच्या कंपाउंडरच्या वडिलांचं असंच सुरू झालं होतं. हात धुणं, कुलपं लावणं, रोजची गोष्ट विसरणं. पुढे ते स्वतःच्या मुलाला 'तुम्ही कोण' विचारू लागले. बाबांनी मला तसं विचारलं तर मी काय उत्तर देऊ?

डॉक्टरांकडे चला म्हटलं तर हसतात. "माझं डोकं तुझ्या काट्याहून बरोबर चालतं." म्हणून मी माझ्या पद्धतीने एक छोटी चाचणी लावून ठेवली आहे. काय ते तुला सांगत नाही. कोळाची बाटली फ्रिजमध्ये आहे, येत्या रविवारी ती उघडली आणि बाबांनी घास घेतला की कळेल, त्यांची जीभ आणि डोकं ठिकाणावर आहे की नाही. लक्षात आलं तर मी तुझी क्षमा मागेन. नाही आलं तर तू ये. नवऱ्याला घेऊन ये, मी काही बोलणार नाही.

ताई


मंगळवार, १० नोव्हेंबर, बसमध्ये

भिंगरी,

हे पत्र पोस्टात पडणार नाही. तुझ्या गावाला पोचायला अजून चार तास आहेत आणि हात रिकामे ठेवले तर मला वेड लागेल, म्हणून लिहिते. अक्षर हलतंय ते गाडीमुळे असं समज.

रविवारी बाबांनी स्वयंपाक केलाच नाही. पोट बरं नाही म्हणाले. मी म्हटलं, पुढच्या रविवारी होईल, बाटली कुठे पळून जाते. आज मी पहाटेच मंडईतले काटे तपासायला बाहेर पडले होते. दुपारी विसरलेला चष्मा घ्यायला घरी आले तर टेबलावर चिठ्ठी. 'दोन दिवस बाहेर जातो आहे. सकाळच्या बसने निघालो. काळजी करू नकोस, संशयही घेऊ नकोस.' कपाट उघडं, कढई नाही, झारा नाही, फ्रिजमध्ये बाटली नाही.

मी त्यांचे कप्पे उपसले. हो, उपसले. घड्याळाच्या काट्यांच्या डबीखाली तुझं पत्र होतं. ते मी वाचलं. हो, वाचलं.

तू लिहिलं आहेस, 'बाबा, घरात शेंगदाणा उघडा असेल त्या दिवशी करू नका. तिला एक कण पुरतो. मागच्या वेळी ओठ सुजले, श्वास अडकला, दोन दिवस दवाखान्यात होतो. तिचा बाप रोज शंभर जणांना पॅड थाई करून घालतो, पण घरी येऊन अंघोळ केल्याशिवाय तिला उचलत नाही, आणि तिच्यासाठी तो पदार्थ करायला त्याचे हात धजत नाहीत. मला तर पाणीही धड उकळता येत नाही. ती रोज विचारते, बाबा लोकांना करतो ते मला कधी? वाढदिवसाला तुम्ही करा. नव्या कढईत. मंगळवारी, दहा तारखेला, संध्याकाळी सातला.'

आणि खाली, 'ताईला सांगू नका. ती आधी मुलीच्या जन्माचा दाखला मागेल.'

मला भाची आहे. ती आज तीन वर्षांची झाली. ऐंशी ग्रॅम खाते, बिनतिखट, बारीक कापलेलं. मी तिच्या ताटाचं वजन केलं, लांबी मोजली आणि मला कळलं नाही की हे लेकराचं ताट आहे. आंधळ्यालाही दिसलं असतं.

चाचणी काय होती ते आता लिहिते. बुधवारी मी दोन चमचे शेंगदाणे पिठासारखे दळून त्या बाटलीत कालवले. बाबा चव ओळखतात का पाहायला. कोळ दाट आणि काळपट, काही दिसत नाही. मी स्वतः बाटली उजेडात धरून खात्री करून घेतली होती की काही दिसत नाही.

तुझा नंबर तू बदललास. बाबा फोन बाळगत नाहीत. तुझा नवरा आता ज्या हॉटेलात आहे तिथला फोन मी अकरा वेळा लावला, नुसता वाजतो. मग आठवलं की मंगळवारी तुमच्याकडची हॉटेलं बंद असतात. पहिली बस दीडची मिळाली. ती साडेसातला पोचते. ड्रायव्हरला सांगितलं, तर तो म्हणाला, "ताई, रस्ता आहे तेवढाच आहे." त्याने चहाचा थांबा मात्र घेतला नाही.

सात वाजता कढई तापेल. पहिलं ताट तिचं असेल. लहानांना आधी वाढायचं असतं, मीच तुला तशी वाढवली.

भिंगरी, मी तुझ्याशी चार वर्षं बोलले नाही. आयुष्यभर बोलू नकोस माझ्याशी. फक्त त्या बाटलीचं झाकण घट्ट बसलेलं असू दे.


रविवार, १५ नोव्हेंबर

भिंगरी,

त्या रात्री मी तुझ्याशी चार वाक्यंही बोलले नाही आणि सकाळच्या पहिल्या गाडीने निघून आले. तुला वाटलं असेल, ताई फुगली. फुगले नव्हते. तोंड उघडलं असतं तर रडू आलं असतं, आणि लेक बघत होती. मी बसमध्ये खरडलेलं पानही सोबत ठेवते, म्हणजे मी कशी आले ते तुला कळेल.

तुला दिसलं ते दारापासून पुढचं. दाराअलीकडे मी काय पाहिलं ते ऐक. सात वाजून पन्नास मिनिटं झाली होती. दार अर्धवट उघडं होतं. छोट्या लाल खुर्चीवर ती बसली होती, हनुवटीला चिंचेचा तपकिरी रंग, गालाला मोड चिकटलेला, आणि ताट अर्धं रिकामं. अर्धं रिकामं म्हणजे चाळीस ग्रॅम. माझ्या डोक्यात दुसरं काही आलंच नाही. मी आत शिरले आणि तिच्यासमोरून ताट ओढलं.

मावशीने भाचीला पहिल्यांदा पाहिलं ते असं. वाढदिवसाच्या दिवशी, तिच्या तोंडचा घास काढून घेताना.

ती रडायला लागली. तुझा नवरा भिंतीला टेकून उभा राहिला. बाबांच्या हातातला झारा तसाच वर. आणि तू माझं मनगट धरलंस आणि शांतपणे म्हणालीस, "ताई, आधी हात धुऊन ये. ती तुझी बाटली नाही."

मी हात धूत असताना तू मागून सांगितलंस. "तुझं पत्र आज सकाळी आलं. तू चाचणी लावलीस म्हटल्यावर मी काय तिची वाट बघत बसू? बाबा एक वाजता आले, दोन मिनिटांनी बाटली बेसिनमध्ये रिकामी. पिशवीतल्या नूडल्ससुद्धा फेकल्या. कढई तीनदा घासली. सगळं नवं आणलं."

"चार तास खपून आटवला होता," बाबा म्हणाले. ते माझ्याकडे बघत नव्हते. "मी हिच्याशी भांडलो. म्हटलं, तुझी बहीण संशयी आहे, पण असलं काही करणार नाही."

बाबांचं ते वाक्य मी घरी घेऊन आले आहे. पाच दिवस ते माझ्यासोबत जेवतंय.

बाबांनी माझी बाजू घेतली आणि ते चुकले. तू माझ्यावर तिळमात्र विश्वास ठेवला नाहीस, म्हणून तुझी मुलगी आज खेळते आहे. माझं पत्र आजवर कुणी इतकं नीट वाचलं नव्हतं. मी दुसऱ्यांचे कागद वाचते तसं तू माझं वाचलंस. त्यासाठी तुझे उपकार मानायचे की त्याबद्दल रडायचं, मला कळत नाही. सध्या दोन्ही करते आहे.

मग ती रडायची थांबली आणि बाबांना म्हणाली, "ही माझं ताट का घेते?"

"ती ताटं तपासते," बाबा म्हणाले. "तिचं कामच आहे ते."

तिने ते खरं मानलं. खुर्चीवरून उतरली, टेबलावरचं ताट दोन्ही हातांनी उचलून माझ्यापुढे धरलं. "तपास."

मी पाहिलं. नूडल्स सुट्या, एकीला दुसरी चिकटलेली नाही. अंडं वेगळं दिसणारं. मोड कच्चे, शेपट्या खुडलेल्या. शेंगदाणा नाही. मी म्हटलं, "बरोबर आहे." तिने मान हलवली आणि ताट घेऊन पुन्हा खायला बसली. मागितली तेवढीच माहिती तिला पुरली.

शेवटचं ताट करणाऱ्याचं असतं. बाबांनी ते केलं आणि माझ्यासमोर ठेवलं. स्वतः ते डब्यातला शिळा पाव खाऊन झोपले, हे तुला माहीत नसेल. पुस्तकात खोटं लिहिलं आहे. शेंगदाण्यांशिवाय त्या पदार्थाला पूर्ण अर्थ आहे.

'बरोबर आहे.' हे दोन शब्द मला म्हणता येतात हे मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. चार वर्षांपूर्वी ते एकदा म्हणायचे होते आणि मी म्हटले नाहीत.

भिंगरी, काटा बरोबर होता. तुझ्या नवऱ्याच्या हॉटेलातला. पाच किलोला दोन ग्रॅमचा फरक. तेवढी सूट नियमात असते, हे मला झोपेतही माहीत आहे. जागेवरच्या कागदावर मी खरी नोंद केली. मग खाली बसून दुसरा कागद लिहिला आणि खात्यात तो दिला. तू त्याच्यासोबत निघून जाशील, आणि घरात मी उरेन, याची मला भीती वाटत होती. दुसरं कारण नव्हतं. तो माणूस मला चोर वाटला नव्हता. तो मला तुला घेऊन जाणारा वाटला होता. पुढे तो तुला घेऊन गेलाच, आणि मी उरलेच.

पहिला कागद मी फाडला नाही. का, ते मलाच ठाऊक नाही. तो या पाकिटात आहे. माझी सही आहे, तारीख आहे, त्याच्या जुन्या मालकाच्या कारकुनाची सहीही आहे. तो तुझ्या नवऱ्याला दे. त्याने तो माझ्या खात्यात पाठवला तर माझी नोकरी राहणार नाही. पाठवायचा की नाही ते त्याने ठरवावं. मी त्याला काही सांगायला येणार नाही.

शेंगदाण्यांचा डबा मी गाण्याच्या बाईंना दिला. बाबा पुढच्या महिन्यात तुझ्याकडे येणार आहेत. मलाही यावंसं वाटतं. ये म्हणालीस तर रिकाम्या हाताने येईन, आणि पिशवी दारातच तुझ्यापुढे उलटी करीन.

आता तू हे वाचून म्हणशील, यातही ताईची काहीतरी चाचणी असणार. तसं म्हण. कागद उजेडात धर, सही जुन्या पत्रांशी ताडून बघ, त्या कारकुनाला शोधून विचार. माझ्या शब्दावर जाऊ नकोस. तपास.

तुझी,
ताई